खाष्ट सासऱ्याची सोयरीक

आमच्या मधुकररावांना तुम्ही आता ओळखणार नाही, पण टीव्ही नवा होता तेव्हा अख्खा जिल्हा त्यांना शिव्या घालायचा. प्रत्येक मालिकेत ते खाष्ट सासरेच. घरी मात्र हा गृहस्थ बायकोला विचारल्याशिवाय चहासुद्धा मागत नाही.

परवा त्यांच्या नातवासाठी मुलगी बघायला तिसगावला गेलो. पोरांनी एकमेकांना आधीच पसंत केलं होतं, म्हणजे आम्ही पोहे खाण्यापुरतेच. तेवढ्यात मुलीची आजी बाहेर आली आणि मधुकररावांना बघून जागीच थबकली.

"ह्या घरात पोरगी द्यायची न्हाई. ह्यानं सुनेला भर पावसात घराभाईर काढलंय. म्या डोळ्यांनी बघितलंय!"

"आई, ते टीव्हीत हुतं," मुलीचे वडील म्हणाले.

"मंग? सून रडत हुती ते खोटं व्हय?"

नातवाचा घास हातातच राहिला. आतून मुलीचे हुंदके ऐकू यायला लागले. मी मध्यस्थ; आयुष्यभर कारकुनी केलेली, त्यामुळे अशा वेळी चष्मा पुसत बसलो.

शेवटी मधुकररावांनी हात जोडले. "आजी, शेवटच्या भागात मी सुनेला माघारी आणलं. सगळ्या गावासमोर तिच्या पाया पडलो."

आजीने लेकाकडे पाहिलं. "खरं का रं?"

"व्हय की."

आजी मटकन खाली बसली.

"आमच्याकडं तवा लाईट गेल्ती," ती पदराने डोळे पुसत म्हणाली. "इतकी वर्सं त्या पोरीचा लई घोर हुता जिवाला. आना कुंकू."