बारा फुटांवर पाणी

देविका : …दहा डॉलरला एकशेसाठ एकर, बाबा. आता हिशेब तुम्हीच लावा. युक्रेनमधल्या गावात ओलेक्सा नावाच्या शेतकऱ्याकडे होते चार एकर, तेही तीन ठिकाणी विखुरलेले. बोटीने कॅनडाला गेला की एकदम एकशेसाठ.

हणमंत : चाळीस पट. मी असतो तर पोहत गेलो असतो.

चंद्रप्रभा : तुम्हाला पोहता कुठे येतं? आटपाडीत पोहण्याएवढं पाणी होतं का?

हणमंत : दम लागतो म्हणतेस, टोमण्याला मात्र बरोबर पुरतो.

चंद्रप्रभा : तेवढ्यापुरता राखून ठेवते.

हणमंत : पण देविका, मला एक सांग. पाच वर्षं युनिव्हर्सिटीत या युक्रेनी लोकांवर प्रबंध लिहिलास, तेव्हा एक पान वाचून दाखवलं नाहीस. आज लखनौच्या जूनच्या उन्हात, रविवारी, सुट्टीच्या दिवशी, इंदिरा नगरहून ई-रिक्शा करून आलीस ती कॅनडातल्या शेतकऱ्यांची शिरगणती ऐकवायला? ओलेक्साला एकशेसाठ एकर मिळाले. तुला काय मिळणार आहे?

देविका : एक सही.

हणमंत : अच्छा. म्हणजे गाडी आली भाड्याच्या फ्लॅटवर.

देविका : आली नाही, तिथूनच निघाली होती. माझीच बिल्डिंग, तिसरा मजला, दोन्ही बाजूंनी ऊन. कागद या पिशवीत आहेत. घरमालक मिश्राजी चार वाजेपर्यंत थांबतो म्हणालेत, चारनंतर दुसरी फॅमिली बघायला येणार. आणि डॉक्टर तुमच्यासमोर बोलले होते, यार बाबा, की आईला आणखी एक पावसाळा या घरात काढायला लावू नका.

हणमंत : डॉक्टर बोलतात. दम्याला हवा लागते. इंदिरा नगरची हवा काय वेगळ्या फॅक्टरीतून येते?

देविका : हवेचं नंतर. आधी ओलेक्साचं पुरं ऐका. मग सही करा, नाहीतर नका करू.

हणमंत : सांग. चहा होईपर्यंत सांग.

चंद्रप्रभा : चहा कोण करतंय?

हणमंत : मीच करतोय गं. आधण ठेवलंय.

देविका : तर ही माणसं तिथल्या मॅनिटोबा प्रांतातल्या स्टेशनांवर उतरायला लागली. पाच-दहा नाही. पहिलं महायुद्ध सुरू होईपर्यंत सगळ्या कॅनडात मिळून एक लाख सत्तर हजार. समोर सपाट गवताळ माळ, काळी माती, एक झाड नाही, एक दगड नाही. नांगर घाला आणि गहू काढा. आणि ओलेक्सा काय विचारतो? लाकूड कुठे आहे?

हणमंत : लाकूड?

देविका : हाँ. तो माळ ओलांडून गेला आणि त्याने झाडीतली जमीन मागून घेतली. खाली दगड, मध्ये दलदल, वर पॉपलरच्या झाडांची दाटी. वर्षाला हाताने दीड-दोन एकर मोकळी झाली तर नशीब.

हणमंत : मूर्ख आहे. अगं, शेतकऱ्याने माती बघायची की सरपण? ऑफिसात माझ्या हाताखालचा नवा पोरगाही असं करणार नाही.

देविका : तो एकटा नव्हता, बाबा. गावंच्या गावं तशीच बसली, एकमेकांच्या शेजारी. सगळ्यांनी झाडी मागितली.

हणमंत : मग सगळे मूर्ख.

देविका : त्यांच्या मुलखात जंगल जमीनदाराचं होतं. वाळकी काटकी उचलली तरी मार बसायचा. ओलेक्साच्या बापाला एका ओंडक्यासाठी फटके पडले होते. थंडीत सगळं घर एका चुलीला चिकटून झोपायचं आणि चूल अर्ध्या रात्रीत विझायची. ज्याचा बाप लाकडापायी मार खातो त्याला काळी माती दिसेल का? त्याला झाडच दिसणार.

हणमंत : …आधण उकळलं वाटतं.

देविका : मी गॅस बंद करते. बसा. हा प्लॉट तुम्ही का घेतलात?

हणमंत : तो वेगळा मुद्दा आहे.

देविका : सोसायटीत दोन प्लॉट उरले होते. एक वरच्या अंगाला, रस्त्याला लागून, टणक जमीन. दुसरा हा, कालव्याच्या खाली.

हणमंत : वरच्याला पाणी साठ फुटांवर होतं.

देविका : आणि याला?

हणमंत : बारा. बारा फुटांवर पाणी, देविका. हँडपंप बसवला त्या दिवशी मिस्त्री म्हणाला, साहब, हाथ लगाते ही आ गया. मी ऑफिसातून ट्रंक कॉल लावला आटपाडीला. आईला खरं वाटेना. बारा पुरुष खोल का रे, असं विचारत होती. आज अख्ख्या लखनौचं पाणी पाताळात गेलंय, महानगर कॉलनीतले लोक टँकर मागवतात. आपलं ऐन जूनमध्ये चौदा फुटांवर आहे. सकाळीच मोजलंय.

चंद्रप्रभा : आडाचं सांगा तिला. नेहमी अर्धंच सांगता.

हणमंत : त्यात काय सांगायचं? बहात्तरच्या दुष्काळात मी दहा वर्षांचा. घरात सगळ्यात हलका. कमरेला दोर बांधून मला आडात सोडायचे. तळाला खडकात बोटभर झरा. तो वाटीने टिपायचा, घागरीत ओतायचा. एक घागर भरायला दोन-अडीच तास लागायचे. वरून आई हाक मारत राहायची, मी झोपू नये म्हणून. एकदा झोपलो. घागर खडकावर आपटून फुटली आणि पाणी सांडलं. वर आल्यावर कुणी मारलं नाही. आईने दुसरी घागर दिली आणि पुन्हा दोर बांधला.

देविका : मग तुम्हाला टणक जमीन दिसली असती का, बाबा?

हणमंत : मास्तरीण झालीस म्हणून बापाला घोळात घेतेस.

चंद्रप्रभा : तिला कशाला बोलता? मला विचारलं असतंत तर तेव्हाच सांगितलं असतं. मी चिपळूणची. ओल माझ्या माहेरची आहे. पण तिथे ती वरून येते. भिंतीवर पडते, उन्हाळ्यात वाळून जाते. इथे खालून चढते. पहिल्या दिवशी चूल मांडायला आत आले आणि वास आला. म्हटलं, हे घर पाय पाण्यात सोडून बसलंय.

हणमंत : मग बोलली का नाहीस?

चंद्रप्रभा : तुम्ही हँडपंप दाबत होतात. बादली भरली, ओतली, पुन्हा भरली. लहान मुलासारखं. कशी बोलू?

देविका : आणि आई, कपाटातल्या साड्या? माझ्या पुस्तकांना बुरशी? पलंगामागची भिंत दर दिवाळीला खरवडायची, रंग द्यायचा. गुढीपाडव्यापर्यंत पुन्हा फुगे.

हणमंत : असली ओल, सीलन, अर्ध्या लखनौत आहे.

चंद्रप्रभा : अर्ध्या लखनौचा नवरा भूजल खात्यात नव्हता. भाद्रपदात इथलं पाणी चार फुटांवर येतं. तुम्हाला पहिल्याच वर्षी कळलं होतं ना?

हणमंत : कळलं होतं.

चंद्रप्रभा : मग काय केलंत?

हणमंत : वहीत लिहिलं.

चंद्रप्रभा : आणि?

हणमंत : खरं सांगू? आनंद झाला, चंद्रा. चार फूट! त्या रात्री मी दोनदा उठून पाइपात टेप सोडून पाहिली.

देविका : ती वही आणा, बाबा.

हणमंत : आता वही कशाला?

देविका : आणा तर.

(हणमंत आतून निळ्या पुठ्ठ्याची वही आणतात. चष्मा शोधण्यात थोडा वेळ जातो.)

देविका : दोन वर्षांपूर्वीचा जून काढा. मोठ्याने वाचा.

हणमंत : रविवार. पाणी चौदा फूट. हे शेजारी पेन्सिलने काय आहे? दोनशेऐंशी.

देविका : पुढचं.

हणमंत : ऑगस्ट, पाणी सात फूट. दोनशेदहा. सप्टेंबर, चार फूट. एकशेसाठ… हे अक्षर तुझं आहे, चंद्रा. कसले आकडे?

चंद्रप्रभा : डॉक्टरांनी ती फुंकायची नळी दिली ना, आकडा दाखवणारी. जेवढा श्वास, तेवढा आकडा. रोज सकाळी फुंकते. रविवारचा आकडा तुमच्या शेजारी लिहून ठेवते.

हणमंत : माझ्या वहीत?

चंद्रप्रभा : तुम्ही दर रविवारी न चुकता उघडता अशी या घरात एकच वस्तू आहे.

हणमंत : दोन वर्षं लिहिते आहेस?

चंद्रप्रभा : दोन वर्षं. म्हटलं, एखाद्या रविवारी नजर डावीकडून उजवीकडे सरकेल.

हणमंत : मला वाटलं, किराण्याचं काही तरी लिहिलं असशील.

देविका : पुढे वाचा, बाबा.

हणमंत : मागच्या वर्षीचा जून. पाणी पुन्हा चौदा. दोनशेवीस. मग सप्टेंबर, चार फूट. एकशेतीस. डिसेंबर, नऊ फूट. एकशेचाळीस. मार्च, अकरा. एकशेपन्नास. गेला रविवार… थांब. पाणी चौदा फूट, एकशेसत्तर? हे चुकलंय. पाणी एवढं खाली गेलंय तर हा आकडा वर यायला हवा होता. दोनशेच्या पुढे हवा. चंद्रा, नीट फुंकलं नव्हतंस का?

चंद्रप्रभा : होतं तेवढं फुंकलं.

हणमंत : मग वर का आला नाही?

देविका : श्वासाच्या नळ्या आतून आखडल्या आहेत. हे डॉक्टरांनी सांगितलं तेव्हा तुम्ही बाहेर पार्किंगच्या पावतीवरून भांडत होतात.

हणमंत : म्हणजे त्या तिसऱ्या मजल्यावर गेलो की सुटतील ना? दोन्हीकडून ऊन आहे म्हणालीस.

देविका : नाही.

हणमंत : काही महिन्यांनी?

देविका : नाही, बाबा. जे गेलं ते गेलं. तिथे गेलात तर आकडा आणखी खाली जाणार नाही, एवढंच. इथे राहिलात तर भाद्रपदात किती होईल ते तुम्ही माझ्यापेक्षा चांगलं काढाल. तुमचं आयुष्य आलेख काढण्यात गेलं.

हणमंत : …शंभराच्या आत.

चंद्रप्रभा : बास झालं, देवी. त्यांचा चहा थंड होतोय.

हणमंत : तो केलाच नाही अजून. कागद दे.

देविका : इथे, आणि मागच्या पानावर. हे माझं पेन घ्या.

हणमंत : पाणी किती वाजता येतं तिथं?

देविका : सकाळी सहा ते आठ. संध्याकाळी कधी येतं, कधी नाही.

हणमंत : म्हणजे भरून ठेवावं लागणार.

चंद्रप्रभा : भरीन मी. दोन बादल्या लागतात दोन माणसांना.

हणमंत : तू बादलीला हात लावायचा नाही. मी भरीन. मला सवय आहे.

चंद्रप्रभा : वाटीने भरू नका म्हणजे झालं. नळ आहे तिथे.

हणमंत : झाली बघ सही. तीन वाजलेत, तुझ्या मिश्राजीला फोन कर.

देविका : वाटेतून करते. उद्या सामानासाठी माझ्या शेजारच्या कांचनला घेऊन येईन.

हणमंत : थांब. तुझा तो ओलेक्सा. पुढे काय झालं त्याचं?

देविका : एकशेसाठ एकर नावावर झाले. त्यातले पंधरा मोकळे करायला नऊ वर्षं लागली.

हणमंत : एकट्याने?

देविका : तो कुठे असायचा? उन्हाळाभर रेल्वेचे रूळ टाकायला जायचा. झाडं तोडायची, खोडं उपटायची, दलदलीतून गवत काढायचं, हे बायकोने. पस्तिशीतच गेली.

हणमंत : नाव काय तिचं?

देविका : सरकारी नोंदीत नाही. 'बायको एक, बैल दोन, मोकळी जमीन पंधरा एकर.' ती कुणी मोकळी केली, त्याला रकानाच नव्हता.

चंद्रप्रभा : आपल्याकडे आहे. लिहा हो, आजचं राहिलंय. पाणी चौदा फूट तुम्ही लिहिलंतच. त्याच्या पुढे, एकशेसाठ.