मास्तर अजून शिकवून राहिले

...नाही, पण मी म्हणते, गेलेल्या माणसानं जरा गप्प बसावं का नाही? तुम्हाले सांगते, मी सकाळी दळण घेऊन निघाली, तर कोपऱ्यावरच्या घरातून आमचे मास्तर म्हणते, "घाई करू नको, परत कर." मी जागच्या जागी थांबली. डोक्यावर दळणाचा डबा, अन् माणूस जाऊन वर्षं झालेली. पुढच्या घरापाशी गेली, तिथंबी मास्तर, "अपूर्णांकाले भ्यायचं नाही, तो काही चावत नाही." त्याच्या पुढच्या घरी नुसते खोकून राहिले. तोच खोकला, आधी बारीक बारीक, मंग एक मोठा. म्हणजे साऱ्या गल्लीभर नवरा, फक्त माह्या घरात नाही. आता बोला, काय बोलता.

हे सारं त्या भावनाचं काम. आमच्या शेजारच्या गणपतरावची पोरगी, बारावीत आहे. क्लास नाही, शिकवणारं कोणी नाही, मोबाइलवर पाहू पाहू कोडिंग शिकली. मंग बापाच्या मागं लागून एक जुना कॉम्प्युटर आणला. त्याचा पंखा असा वाजे की मले वाटे शेजारी पिठाची चक्की टाकली. मी विचारलं, "काय करून राहिली वं?" म्हणते, "काकू, वस्तीतल्या पोट्ट्यांसाठी शाळा बनवून राहिली, मोबाइलवरची." म्हटलं, बनव बाई. खापरखेड्यात वीजघराच्या धुराड्याची राख पडते तशी अक्कलबी पडू दे थोडी. मले काय माहीत, त्या शाळेत मास्तर कोण राहणार आहे ते.

झालं असं, की लॉकडाऊनात शाळा बंद पडली तर आमचे मास्तर व्हॉट्सॲपवर बोलून बोलून गणित पाठवत. व्हरांड्यात खुर्ची टाकून बसत, अन् मोबाइल तोंडापाशी असा धरत, जसा भुट्टा खाऊन राहिले. भावना तेव्हा त्यांची विद्यार्थिनी. तिनं ते सारे आवाज जपून ठेवले. मास्तर त्याच साथीत गेले. दवाखान्यात आमची शेवटची भेट काचेतून झाली. ओठ हालले, मले दिसले. काय बोलले, ते आजवर माहीत नाही.

तर ही पोरगी एक दिवस आली. "काकू, सरचा आवाज माह्या शाळेत टाकू का?" मी तांदूळ निवडून राहिली होती. म्हटलं, टाक. मले वाटलं एखाद्या ठिकाणी टाकन, फोटोले हार टाकते तसा. हिनं तर धड्याधड्यात टाकला. अन् त्या आवाजात मास्तर एकटे असते तरी एक गोष्ट होती, पण त्यांच्या मागं मीबी आहे ना. इकडं लसावि चालू अन् मागून मी, "चहा थंडा होऊन राहिला, मंग मले सांगू नका." आता मी भाजीले निघाली की गल्लीतले पोट्टे एका सुरात म्हणते, "चहा थंडा होऊन राहिला." आता बोला, काय बोलता.

बरं, इथवर मी सहन केलं. मंग एक दिवस संध्याकाळी एक लहान पोरगी दारात. पिंकी नावाची, तिचे मायबाप वस्तीत नवीन राहायले आलेले. मास्तरले तिनं पाहिलंच नोतं. म्हणते, "काकू, सर आहे का? डाउट आहे."

अन् माह्या तोंडातून निघालं, "आंघोळ करून राहिले."

काहून निघालं, मले नका विचारू. निघालं. मले वाटलं, पोरगी जाईन घरी. ते लेकरू पायरीवर बसलं. माह्या पोळ्या झाल्या, वरणाले फोडणी पडली, ते बसूनच. मंग हळूच म्हणते, "काकू, सर फार वेळ आंघोळ करते."

तेव्हा मी गॅस बंद केला अन् तिच्याजवळ येऊन बसली. "बेटा, सर वारले. तू तेव्हा लहान होती."

ती म्हणते, "पण काल त बोलले."

"ते जुनं बोलणं आहे, जपून ठेवलेलं."

"मंग क्षची किंमत कोण काढन?"

मले काही समजलं नाही, तर तिनं लावून दाखवलं. समीकरणाचा धडा, सगळ्यात शेवटचा. मास्तर समजवत समजवत येते, अन् मधातच थांबते. म्हणते, "आज जरा बरं नाही वाटून राहिलं पोट्टेहो. क्षची किंमत उद्या काढू." संपलं. त्याच दिवशी ताप चढला होता त्यांना. वस्तीतलं प्रत्येक लेकरू शिकत शिकत तिथं येते अन् थांबते. कोणत्या न् कोणत्या घरात रोज मास्तर म्हणते, उद्या.

मी तशीच उठली अन् भावनाकडं गेली. ती म्हणते, "काकू, त्याचा उपाय आहे. कॉम्प्युटरले सरचा आवाज शिकवता येते. पुढचे सारे धडे सरच बोलन. कोणाले समजणारबी नाही." अन् तिनं लावलं. तुम्हाले सांगते, हुबेहूब. "बसा पोट्टेहो, पाठीमागचे पुढं या." मास्तरच. फक्त खोकला नाही.

खोटं काहून बोलू, मी म्हटलं, आणखी लाव. तिनं लावलं. म्हटलं, आणखी. मंग म्हटलं, "त्यांना मले हाक मारायले लाव." तिनं काही बटनं दाबली अन् आवाज आला, "तुळसा."

मी मागं सरकली. कारण मास्तरनं मले जन्मात नावानं हाक नाही मारली. "ऐकलं का," एवढंच म्हणत. हा कोण परका माणूस मास्तरच्या गळ्यात बसून मले नावानं बोलवून राहिला?

"बंद कर," म्हटलं. "जे ते बोललेच नाही, ते त्यांच्या तोंडी घालू नको. माणूस मधातच गेला, मधातच राहू दे. पुढचं तू शिकव."

पोरीचा चेहरा उतरला. "मी? काकू, मले कॉम्प्युटरशी बोलता येते. माणसांशी नाही येत."

आता बोला, काय बोलता. साऱ्या वस्तीची शाळा बनवली अन् शाळेत तोंड उघडायची भीती. तिले धरून मी आमच्या व्हरांड्यात आणलं, मास्तरच्या खुर्चीवर बसवलं. पिंकी समोर बसली. भावनानं पाणी मागितलं, परत मागितलं, मंग बारीक आवाजात म्हणते, "सर इथपर्यंत शिकवून गेले. इथून पुढं मी." अन् अडखळत अडखळत तिनं ते समीकरण सोडवलं. क्ष बरोबर सात. पिंकी म्हणते, "बस, एवढंच होतं?"

मी आत गेली अन् कांदे चिरत बसली. त्या दिवशी भाजी दुधीची होती, त्यात कांदा लागत नाही, तरी चिरले.

आता शाळा जोरात चालू आहे. बाजूच्या कन्हानचे पोट्टे शिकते, पार शहरातल्या प्रताप नगरचे शिकते. अन् गाऱ्हाणी कोणाच्या दारात? माह्या. "काकू, ताई फार भरभर शिकवते. सरले सांगा ना तिले समजवायले." सर नाहीत हे साऱ्यांना माहीत, तरी म्हणते. मीबी म्हणते, सांगते. अन् तुम्हाले म्हणून सांगते, मी खरंच सांगितलं. भाकर थापता थापता सांगितलं, की त्या पोरीकडं जरा लक्ष ठेवा.

आता त्यांनी ऐकलं का नाही, कोणाले माहीत. जिवंत होते तेव्हाबी मले ते कधी समजलं नाही.