पेटीच्या माथ्यावरची भोकं

सभेचे अध्यक्ष माननीय महादेवराव, व्यासपीठावरची पाहुणे मंडळी, ज्यांना निरोप द्यायला आज आपण जमलो ते आपले व्यवस्थापक आदरणीय बापूसाहेब, पहिल्या रांगेत बसलेल्या त्यांच्या पत्नी सरोजिनीबाई, आणि आपल्या जिनिंग-प्रेसिंग कारखान्यातल्या बंधुभगिनींनो,

मी मुलींच्या शाळेत चौथीचा वर्ग घेते. तिथं मी बोलते आणि मुली गप्प बसतात, एवढाच माझा वक्तृत्वाचा अनुभव. तरीही मला बोलायला सांगितलं, कारण बापूसाहेबांच्या उपकारांची साक्ष द्यायला माझ्याइतकं योग्य माणूस अकोल्यात नाही. ते खरं आहे. अठ्ठावन्न साली माझे यजमान कमलाकांत या कारखान्यात अपघातात गेले, तेव्हा चाळीतली खोली माझ्याकडून काढून घेतली नाही ती बापूसाहेबांनी. शाळा समितीकडे माझ्यासाठी शब्द टाकला तोही त्यांनीच. त्याच दिवसांत माझी लेक अनुपमा तापानं आजारी पडली, तेव्हा सरोजिनीबाई माझ्याकडे राहायला आल्या होत्या. सख्खी माणसं यजमानांचं सुतक संपताच मोर्शीला परतली, या मात्र थांबल्या. हे मी विसरणार नाही.

आधीच्या वक्त्यांनी बापूसाहेबांच्या धार्मिक वृत्तीचा गौरव केला. मलाही त्याबद्दलच बोलायचं आहे. अध्यक्षमहाराज, चहा थोडा थंड झाला तर चालेल ना?

कारखान्यात वीज आली तेव्हा यजमान विजेच्या खात्याचे सुपरवायझर होते. भिंतीवर लोखंडी पेटी बसवायची, तिच्यात मेन स्विच, आणि तारा पाइपातून पेटीत आणायच्या. त्यासाठी पेटीला भोकं पाडावी लागतात. सभेत हा शब्द बरा दिसत नाही, पण कारखान्यात त्याला दुसरा शब्द नाही. भोक कुठं पाडायचं आणि केवढं पाडायचं, यावर आमच्या घरी जेवताना चर्चा व्हायची. पाइप भिंतीवरून खाली आणावा, वळवावा आणि पेटीत खालून घालावा, म्हणजे वरून काही पडलं तरी आत जाणार नाही, असं यजमानांचं मत. आणि भोक पाइपाच्या मापाचंच हवं, बोटभरही मोठं नको.

पण पेटीच्या खाली लक्ष्मीची तसबीर होती. पेटीच्या आधीपासून होती. फळीवर तसबीर, पुढं निरांजन. खालून पाइप आणला तर तो बरोबर लक्ष्मीच्या तोंडापुढून जाणार. यजमान म्हणाले, तसबीर समोरच्या भिंतीवर लावू. बापूसाहेब म्हणाले, "कमलाकांत, पाइपासाठी लक्ष्मीला उठवायचं? लोक काय म्हणतील?"

यावर कोण काय बोलणार? यजमानही हसले आणि कबूल झाले. घरी येऊन मला म्हणाले, आज लक्ष्मीपुढं माझं काही चाललं नाही. वरून भोकं पाडायला त्यांनीच सांगितलं, हे मी लपवत नाही. इनायतुल्ला मिस्त्रींनी ती पाडली. मोठं भोक पाडायचं यंत्र नव्हतं, म्हणून गोलाकार बारीक भोकं पाडून मधला पत्रा छिन्नीनं उडवला. भोक पाइपापेक्षा मोठं झालं. भोवतीची फट बुजवायला काय वापरलं? जिनिंगमध्ये हाताशी काय असतं? कापूस. छान घट्ट कोंबला. वर छपराची कवेलू नवी घातली, पावसाचा थेंबही पेटीवर येऊ नये म्हणून. पावसाचा विचार सगळ्यांनी केला, पूजेचा कोणीच केला नाही.

खंडेनवमीला यंत्रांची पूजा झाली. पेटीला हळदकुंकू लागलं, हार चढला. बापूसाहेबांनी नारळ फोडला आणि रिवाजाप्रमाणे नारळाचं पाणी पेटीच्या माथ्यावर शिंपडलं. कापसानं ते पिऊन घेतलं आणि आत सोडलं. आत येणाऱ्या तारेत वीज तर कायमच असते, ती त्या ओलीतून पेटीच्या पत्र्यात उतरली. अशी वीज जमिनीत नेणारी तार गंजून सुटलेली होती, तेही मागाहून कळलं. पूजा झाली की लगेच यंत्र सुरू करायचं, हाही रिवाज. यजमान पुढं झाले आणि त्यांनी स्विचच्या लोखंडी मुठीला हात घातला.

पुढचं तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी पाहिलं आहे. मी पाहिलं नाही. मी घरी पुरणाला चटका देत होते.

चौकशी झाली. ओल्या हातानं मूठ धरली, मयताचा निष्काळजीपणा, असं ठरलं. भोकांबद्दल कोणी विचारलंच नाही. बापूसाहेबांबद्दल माझ्या मनात राग आहे का? आहे. सरोजिनीबाईंनी माझ्या लेकीच्या डोक्यावर थंड पाण्याच्या पट्ट्या ठेवल्या त्या दिवसांतही होता. ज्यांचं मीठ खातो त्यांच्यावर रागावणं फार कठीण काम आहे, ते करून माणूस थकतो. हा राग मी माझ्याबरोबरच नेला असता. आज चार शब्द गोड बोलून, पेढा खाऊन घरी गेले असते.

पण काल इनायतुल्ला मिस्त्री माझ्या दारात आले. ते मागं खांबाजवळ उभे आहेत. मिस्त्री, खाली बघू नका, तुमचं नाव घ्यायला तुम्हीच परवानगी दिली आहे. ते म्हणाले, "बाई, नव्या प्रेसघरातल्या पेटीलेबी भोकं वरूनच पाडली. खाली लक्ष्मी ठेवली हाये. कापूसच कोंबला. म्याच कोंबला, मले सांगतलं तसं. मंग बापूसायबाले म्हनलं, हे काही ठीक नाही. सायेब म्हने, एवढा समारंभ होऊन जाऊ दे, मंग पाहू. आता मले जेवन जाऊन नाही राहिलं. तुमी बोला, तुमचं आयकतीन."

बापूसाहेब, उद्या खंडेनवमी आहे. निमंत्रणपत्रिकेत छापलं आहे की नव्या प्रेसघराचं उद्घाटन निवृत्त होणाऱ्या व्यवस्थापकांच्या हस्ते होईल. म्हणजे नारळ आपण फोडणार, पाणी आपण शिंपडणार, आणि या वेळी मूठही आपणच दाबणार. तो आपला मान आहे. माझे यजमान जिथं उभे होते तिथं उद्या आपण उभे राहणार आहात.

आपण मघाशी माझ्याकडे बघून मान हलवलीत. म्हणजे काय, मला कळलं नाही. एवढी वर्षं एवढ्या पेट्यांची पूजा झाली, दरवेळी कुठं काय होतं, असं आपण मिस्त्रींना म्हणालात. दरवेळी होत नाही हे खरं. माझ्याकडे एकदाच झालं.

मला सूड नको, माफीही नको. लक्ष्मीला समोरच्या भिंतीवर बसवा, ती रागावणार नाही. माथ्याची भोकं पत्र्यानं बंद करा, खालून मापाची पाडा, जमिनीची तार तपासून घ्या. उद्घाटन दसऱ्यानंतर करा. पाहुण्यांची गैरसोय होईल. होऊ द्या.

अध्यक्षमहाराजांनी वेळ दिला आणि मध्ये थांबवलं नाही, याबद्दल त्यांची मी आभारी आहे. बापूसाहेबांचे आभार मी मानलेच आहेत, ते खोटे नव्हते. निरोपाच्या सभेत असं बोलायचं नसतं, हे मला कळतं. ज्यांचं मन दुखावलं त्यांनी मला पदरात घ्यावं.

सरोजिनीबाई, एवढं सगळं मी तुमच्यासाठी बोलले. बापूसाहेब माझं ऐकतील की नाही, ठाऊक नाही. मला त्या सकाळी कोणी काही सांगितलं नव्हतं. तुम्हाला मी सांगितलं आहे.