पटावरची आणि पोटुशी

हेडक्लार्क : तेच तर मघापासून सांगतोय. हजेरीपटावर जिचं नाव आहे ती गरोदर नाही, आणि जी गरोदर आहे तिचं नाव पटावर नाही. बाळंतपणाची रजा मी द्यायची कोणाला?

थोरली : मला द्या. पंचेचाळिशी उलटलीय, नवरा जाऊन सात वर्षं झालीत; पण तुमच्या कागदाला चालत असेल तर मी बाळंत व्हायला तयार आहे.

हेडक्लार्क : ताई, हे सरकारी हॉस्पिटलचं ऑफिस आहे. थट्टा नको.

थोरली : थट्टा मी करतेय? माझ्या या धाकट्या जावेला सातवा लागलाय. तुमच्या लॅबमधल्या काचेच्या नळ्या ही धुते, थुंकीच्या डब्या ही उकळते, आणि हजेरी लागते माझ्या नावाची! मी इथं पाऊल टाकलं ते आज. लॅब कुठल्या मजल्यावर आहे, तेही मला ठाऊक नाही.

धाकटी : जाऊबाई, मी बोलते. साहेब, सहा महिने माझं नाव, पुढचे सहा महिने जाऊबाईंचं, ही कल्पना तुमची होती.

हेडक्लार्क : कल्पना कसली? सोय केली तुझी. एकाच नावावर रोजंदारी सलग चालली की वरून विचारणा होते. बाकीच्यांना मी सरळ घरी पाठवलं. तुझं काम नीटनेटकं, म्हणून म्हटलं, घरातलं आणखी एक नाव आण.

धाकटी : सलग चाललं की हक्क लागू होतात, म्हणून विचारणा होते. हे तेव्हा सांगितलं नाहीत.

हेडक्लार्क : तू विचारलं नाहीस.

थोरली : बघ! वर तोंड करून सांगतोय.

धाकटी : जाऊबाईंच्या आधीचे सहा महिने पटावर मीच होते. तेवढ्यावरही रजा बसते. रोजंदारीवरच्या बाईलासुद्धा बसते. कामगार कार्यालयात विचारून आलेय मी.

हेडक्लार्क : तेव्हा होतीस. नंतर काम सोडलंस.

धाकटी : कधी सोडलं? दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच बेसिनपाशी उभी होते. फरक एवढाच, की लॅबच्या बाईंनी जाऊबाईंच्या नावानं हाक मारली आणि मी ओ दिली.

हेडक्लार्क : ते तोंडी झालं. कागदावर सोडलंस.

थोरली : आणि रोज जिन्यात तुम्हाला नमस्कार करायचं ते काय, हिचं भूत होतं?

हेडक्लार्क : आवाज चढवून उपयोग नाही, ताई. मधला मार्ग सांगतो. हिनं आता घरी बसावं. मूल झालं, जरा अंग धरलं त्यानं, की यावं. नव्यानं घेऊ.

धाकटी : नव्यानं म्हणजे मागचं सगळं पुसून.

हेडक्लार्क : तसं कशाला म्हणायचं?

धाकटी : मग कसं म्हणायचं? खाली बाळंतिणींच्या वॉर्डाबाहेर तुमचाच फलक आहे. 'नोकरी करणाऱ्या मातांनो, रजा हा तुमचा हक्क आहे.' सफाईवाली आली नाही की तो पुसायला मला पाठवता, साहेब.

हेडक्लार्क : तो फलक पेशंटसाठी आहे.

थोरली : अरे वा! मग ही कळा देत आली की वाचून दाखवा तिला. पेशंटच असेल ना तेव्हा.

हेडक्लार्क : ताई, आता जरा शांतपणे ऐका. तुमच्याशीच बोलतोय. रोजंदारीवाल्यांना कायम करायची यादी वरून मागवलीय. आज पटावर जे नाव आहे तेच जाणार. म्हणजे तुमचं. काम काही अवघड नाही, आठवड्यात हाताखालून जाईल. हिचं बाळंतपण निवांत होईल, नोकरीही घरातच राहील. उद्यापासून यायला लागा.

थोरली : कायम म्हणजे... पेन्शनसुद्धा?

हेडक्लार्क : पेन्शन, आजारपणाची रजा, सगळं आलं त्यात.

धाकटी : जाऊबाई...

थोरली : थांब गं. आणि मी नाही म्हटलं तर? ही लॅब मी पाहिलेलीच नाही, असं लिहून दिलं तर?

हेडक्लार्क : तर एवढं ध्यानात ठेवा, पगारपत्रक हिच्या हाती घरी यायचं, त्यावरच्या सह्या तुमच्या आहेत. न केलेल्या कामाचा पगार उचलला, असा अर्थ निघेल. पोलीस तुमच्या दारात येतील. माझ्या नाही.

थोरली : म्हणजे तुमचं ऐकलं तर मी जुनी कामगार, आणि खरं बोलले तर चोर.

हेडक्लार्क : मी फक्त नियम सांगितला.

थोरली : नियम! ही पोटात पोर घेऊन ॲसिडाच्या वासात दिवसभर राबली, तेव्हा कुठं दडून बसला होता तुमचा नियम? घाला ती यादी चुलीत. मी कामगार अधिकाऱ्यापुढं उभी राहून सांगणार, काम हिनं केलंय, नाव माझं घेतलंय, आणि घ्यायला कोणी लावलं तेही. चल गं, चल इथून.

(दोघी जिन्यात.)

धाकटी : हळू, जाऊबाई. मला नाही एवढं भरभर उतरता येत.

थोरली : माझं डोकं फुटायची वेळ आलीय.

धाकटी : तो खरंच केस करेल तुमच्यावर.

थोरली : करू दे. मी काही एकटी उभी राहणार नाही तिथं, त्यालाही ओढीन शेजारी.

धाकटी : तुम्ही पेन्शनचं विचारलंत.

थोरली : विचारलं.

धाकटी : मला वाटलं...

थोरली : तुला वाटलं ते बरोबरच होतं. खोटं कशाला बोलू? म्हातारपणी कोणापुढं हात पसरायला नको, एवढंच आलं मनात. तू बाजूला आहेस हेही विसरले होते.

धाकटी : मग?

थोरली : मग तू हाक मारलीस, आणि मी वर बघितलं. अगं, वर बघावं लागलं मला! दोन खुर्च्या त्या खोलीत. एकीवर मी, दुसरीवर त्याच्या फायली. आणि तू सातव्या महिन्याची, सगळा वेळ उभी.

धाकटी : त्याचं तसंच आहे. रोजंदारीवाल्यांना बस म्हणत नाही तो कधी.

थोरली : त्याचं सोड गं. मीसुद्धा म्हटलं नाही.