टोपी उतरेपर्यंत

(रत्नागिरी, १९३०चा शिमगा. सकाळची मामलेदार कचेरी. गंगाराम रात्रीच्या खेळातल्या संकासुराच्या वेषातच उभा: काळा अंगरखा, हातभर उंच टोपी. शेजारी हवालदार सखाराम.)

मामलेदार : आणि समुद्राला नोटीस कुणी काढली?

गंगाराम : संकासुरानं. परवानगीबिगर भरती आणलीन, म्हणून.

मामलेदार : सही करताना तपकीर ओढलीस. का?

गंगाराम : हितं सही तशीच होते.

सखाराम : साहेब, खेळ बघताना नेमकी तेव्हाच तुमच्या चिमटीत तपकीर होती. सगळी माणसं वळून तुमच्याकडे बघत राहिली. हसलंसुद्धा नाही कुणी. तुम्ही ती हळूच खाली टाकलीत. साहेबाचा हात असा खाली आलेला मी जन्मात पाहिला नव्हता.

मामलेदार : हवालदार, तुला विचारलंय?

सखाराम : नाही साहेब.

मामलेदार : गंगाराम, ऐक. कलेक्टरसाहेबांनी विचारलंय, सोंग कुणाचं होतं. कुणाचंच नाही, एवढं म्हण आणि घरी जा. नाहीतर सहा महिने तुरुंग.

गंगाराम : टोपी डोक्यावर असताना खोटं बोलायचं न्हाय. आमच्या खेळ्यांची रीत हाय.

मामलेदार : मग उतरव ती!

गंगाराम : पालखी देवळात परतली की उतरते. देवापुढं.

सखाराम : गंगाराम, राहीवहिनीचे दिवस भरलेत. उतरव ना रे बाबा.

गंगाराम : तिनंच बांधलीय. म्हणाली, घट्ट बांधते, सायब वढतील.

मामलेदार : मग टोपीसकट सांग! कुणाचं सोंग?

गंगाराम : तुमचं. आन् तुमच्या वरच्यांचं. दर्यातलं मीठ उचललं तर आमी चोर, आन् त्यावर कर बसवणारे तुमी साव! ह्याहून मोठं सोंग मी कुठनं आणू?

मामलेदार : टाका कोठडीत!

सखाराम : साहेब, कोठडीचं दार ठेंगणं आहे. टोपी अडते.

मामलेदार : मग वाकव त्याला.

सखाराम : शिमग्यात संकासुर म्हणजे देव, त्याच्या मानेला हात? नाही धजत, साहेब.

मामलेदार : भित्रा लेकाचा! बेडी घाल आणि बाहेर ओट्यावर बसव. बघू दे गावाला.

सखाराम : बसवतो, साहेब.

•

मामलेदार : हवालदार! बाहेर एवढी गर्दी कसली?

सखाराम : मिरकरवाड्यातनं आलीत माणसं. अजून येतायत.

मामलेदार : घोषणा देतायत?

सखाराम : एक शब्द नाही, साहेब. रांगेनं पाया पडतायत. पोरं त्याच्या पायावर घालतायत. बायकांनी बेडीला हळदकुंकू लावलंय.

मामलेदार : हाकला सगळ्यांना! आणि सुरुवात ज्यानं केली, जो पहिला वाकला, त्याला धरून आत आण.

सखाराम : तो आतच आहे, साहेब. पहिला मीच वाकलो.