दर आठ दिवसांनी परतवार

नाही, पण माणसानं विश्वास ठेवायचा तरी कोणावर, सांगा ना तुम्हीच! शेजाऱ्यावर? प्रेसवाल्यावर? अहो, दोन हजार चारचं कॅलेंडर... दरवर्षी फुकट वाटतो मी, भाईंदर पश्चिमेला आमच्या अख्ख्या गल्लीत आत्माराम जनरल स्टोअर्सचंच कॅलेंडर लटकतं! यंदा शेजारचा लोकेश म्हणाला, "काका, मी करतो ना कॉम्प्युटरवर!" तुम्हाला सांगतो, हा लोकेश फावल्या वेळात एक राज्य रचतोय, मनातल्या मनात, नुसत्या व्यापाऱ्यांचं! तिथला आठवडा आठ दिवसांचा. मीठवार, तेलवार, कापूसवार, मिरचीवार... आणि आठवा परतवार. त्या दिवशी विकलेला माल दुकानदारानं मुकाट परत घ्यायचा, पुऱ्या पैशांत! रचू दे, आपलं काय जातं? पण त्यानं गंमत म्हणून त्या राज्याचं कॅलेंडरही माझ्याच चौकटीत बसवलं, दोन्ही एकाच सीडीत दिली, आणि प्रेसवाल्यानं छापलं नेमकं ते, परतवाराच्या नियमासकट! पाचशे प्रती!

तपासलं की मी! वरती लक्ष्मी बघितली, खाली माझं नाव बघितलं. मधल्या तारखा कोण बघतो हो?

आठ जानेवारीला शटर वर करतो तर दारात भीमाबाई. हातात साबण... अर्धा झिजलेला, वर हा लांब केस चिकटलेला. ईऽऽ! "भाऊ, आज परतवार हाय ना? घ्या." म्हटलं, बाई, चुकून छापलंय ते! "चुकून कसं? खाली नाव कुणाचं?" माझं!

मागे जिग्नाबेन, लोणच्याची बरणी घेऊन. आत लोणचं नाही, नुसती बोटं फिरलेली! "आत्मारामभाई, लखेलुं छे ने?" लिहिलंय म्हणे! त्यांच्या मागे एक भैया, फाकलेला टूथब्रश घेऊन, आणि तो अजून ओला! "सेठ, छापा है तो लेना पडेगा." शी शी शी! दोन बोटांत धरून घेतला. काय करणार, खाली नाव कोणाचं? माझं!

नाही म्हटलं असतं हो, पण समोरचा नवा दुकानदार खुर्ची टाकून बसलेला, मोठ्यानं विचारतोय, "काय आत्मारामशेठ, शब्द फिरवताय?" बारा वर्षं जमवलेली गिऱ्हाइकं रस्ता ओलांडून जायला एक नकार पुरे!

तिरमिरीत लोकेशकडे गेलो. म्हटलं, तुझ्या राज्यातले व्यापारी भिकेला कसे लागत नाहीत रे? तर काय म्हणतो... "काका, तिथली माणसं प्रामाणिक असतात ना! वर्षाकाठी एखादाच काही परत आणतो." ऐकलंत? सगळं राज्य छापलं, माणसं तेवढी छापायची राहिली!

आता वर्षभर घेणार परत, सांगतो कोणाला? खाली नाव माझं! काल सदूभाऊ आले, सहाव्याच दिवशी, झाडू घेऊन, आणि झाडू माझ्या दुकानातला नव्हताच... घेतला! तुमच्याही घरी कॅलेंडर असेलच. या, खुशाल या. हात जोडून एकच मागणं, हिशोब तेवढा सचोटीनं ठेवा हो... आठ म्हणजे आठ दिवस मोजा!