उद्घाटनाचा गोल

(नाशिक. गच्ची. सायली नवे ग्लोव्हज घालून उभी. समोर तिचे वडील, रंगनाथ.)

सायली: अण्णासाहेब कुठल्या पायाने मारतात, तेवढं सांगा ना पप्पा. दरवर्षी फुटबॉल स्पर्धेच्या उद्घाटनाची किक तेच मारतात, आणि गोलमध्ये तुम्हीच असता. यंदा मी.

रंगनाथ: उजव्या. चेंडू तुझ्या डावीकडं येईल. लय हळू.

सायली: हळू? मग तर मी एका हाताने अडवते. बॅनरवर माझं नाव छापलंय. आमच्या टीममधली वेदिका व्हिडिओ काढणारे.

रंगनाथ: अडवायचा नाय.

सायली: म्हणजे?

रंगनाथ: उद्घाटनाचा गोल म्हणजे नारळ. नारळ कधी म्हणतो का, मी नाय फुटणार?

सायली: थांबा. तुम्ही मुद्दाम सोडायचात? मी अख्ख्या वर्गाला सांगितलंय, पप्पांचे गुडघे गेलेत म्हणून.

रंगनाथ: गुडघे चांगले हायेत.

सायली: महाराष्ट्राकडून खेळलेला माणूस आणि...

रंगनाथ: खेळलो. मग कंपनीनं टीम बंद केली. कंपनीचा साहेब म्हणाला, गोलकीपर ना तू, मग गेटवर उभा राहा. पंधरा वर्षं वॉचमन. त्यातपण कोणाला सोडायचं, ते वरून सांगायचे.

सायली: एकदाही नाही अडवलात?

रंगनाथ: पहिल्या वर्षी. हात आपोआप चेंडूवर गेला. अण्णासाहेब माईकवर म्हणाले, वा रंगनाथ. दुसऱ्या दिवशी मैदानाला कुलूप. मैदान त्यांच्याच मालकीचं, पिंपळगावचं कोल्ड स्टोरेज हाय तसं.

सायली: मग उघडलं कसं?

रंगनाथ: मी पेढे घेऊन बंगल्यावर गेलो. परत किक ठेवली. फोटोवाला परत बोलावला. एका किकसाठी परत हार-तुरे. तेव्हा पडलो नीट.

सायली: मी नाही उभी राहणार. आमच्या कोचना, अमितसरांना, आत्ता फोन करते.

रंगनाथ: कर. ते वेदिकाला उभी करतील. ती अडवंल.

सायली: अडवू दे की. मस्त होईल.

रंगनाथ: आणि सोमवारी तुम्ही पोरी कुठं खेळणार? हायवेच्या पुलाखाली?

सायली: ...तुम्ही मला गोलकीपर केलंत ते यासाठी?

रंगनाथ: तू हट्ट केला होतास. मी नाय म्हणालो होतो. तुझ्या आईला विचार.

सायली: तुम्हाला राग नाही येत?

रंगनाथ: येतो. मैदानावरनं घरी येईपर्यंत. मग लहानपणी तू दारात विचारायचीस, आज किती अडवले.

सायली: आणि तुम्ही म्हणायचात, सगळे.

रंगनाथ: हां.

सायली: ...कुठल्या बाजूला पडायचं?

रंगनाथ: उजव्या. जरा उशिरा उडी मार, खरं वाटतं. आणि एक. किक मारली की डोळे मिटून घे.

सायली: का?

रंगनाथ: उघडे राहिले तर हात जातो.